राखेच्या मुलुखातलं तिसरं चाक

आर्णीत दिग्रस रोडला मोटारपंप दुरुस्तीचं एक पत्र्याचं शेड होतं. त्या शेडच्या मधोमध खडूची एक रेघ होती, आणि ती इतकी कडक होती की मुंग्यासुद्धा ती ओलांडताना आधी दोन्हीकडं बघून घेत. रेघेच्या अलीकडं जमीर मिस्त्री मोटरी भरायचा, म्हणजे जळालेली तांब्याची तार उपसून नवी गुंडाळायचा. पलीकडं भावसिंग राठोड पंपाचे बुश, बेअरिंग आणि स्टार्टर बघायचा. शेतकऱ्याची मोटर बिघडली की बिचारा आधी अलीकडं उतरायचा, मग तीच मोटर उचलून पलीकडं न्यायचा, आणि दोघांच्या शिव्या फुकटात ऐकून घरी जायचा.

एकेकाळी हे दोघं भागीदार होते. एकाच डब्यात जेवायचे. मग डोमाजी नावाच्या शेतकऱ्याची मोटर जळाली. भावसिंग चार लोकांत म्हणाला, मिस्त्रीचं वार्निश कच्चं राहिलं. जमीर म्हणाला, बेअरिंग जाम होतं म्हणून मोटर तापली. त्या मोटरीचा धूर पार नेरपर्यंत दिसला आणि तिथल्या लोकांनी कापसाची जिनिंग पेटली समजून बादल्या भरल्या, असं सांगतात. धूर विरला, डोमाजीनं नवी मोटर घेतली, भांडण मात्र शेडमध्येच मुक्कामाला राहिलं.

दोन गोष्टी रेघेला मानत नव्हत्या. पहिली म्हणजे बाहेर लिंबाखालचा माठ. उन्हातून आलेल्या माणसाला आधी पाणी द्यायचं, मग मोटर कोणत्या विहिरीतली ते विचारायचं, हा दोघांचाही रिवाज. सकाळी जमीर माठ भरायचा, दुपारी भावसिंग, आणि दुसरा भरतो हे कोणीच कबूल करत नव्हतं. समोर चहाची टपरी चालवणारी तानाबाई आपल्या चहाचं पाणीही त्याच माठातून नेत असे. तिलाही कोणी कधी काही विचारलं नव्हतं.

दुसरी गोष्ट म्हणजे कम्प्युटर. भागीदारीत बिलं काढायला घेतलेला, आता बरोबर रेघेवर बसलेला. त्यात जमीरच्या पोरीनं, यवतमाळला नर्सिंग शिकणाऱ्या उमेरानं, ईदच्या सुट्टीत एक खेळ टाकून ठेवला होता. राखेचा मुलूख त्याचं नाव. जग जळून गेलंय, नद्या आटल्यात, लोक पडक्या शहरांतून भंगार वेचून जगतायत, आणि आपण एक मुसाफिर. खेळ हिंदीत बोलायचा. उमेरानं तो सगळ्यात कठोर पद्धतीवर लावला होता: मुसाफिर एकच, त्याची नोंद एकच, जे केलं ते केलं, मागं फिरून दुरुस्त करणं नाही.

जमीर सकाळी काम नसलं की तो खेळायचा. दुपारी जोहरच्या नमाजाला मशिदीत जायचा आणि परत येईतो खुर्चीत भावसिंग बसलेला असायचा.

"ऊठ बे, माह्या पोरीचा खेळ हाय."

"खेळ पोरीचा, कम्प्युटर आर्धा माहा. म्हंजे मुसाफिरबी आर्धा माहा. कमरेखालचा तू घे."

तर असा तो मुसाफिर सकाळी जमीरचा आणि दुपारी भावसिंगचा झाला. त्याचा स्वतःचा एक छोटा तळ होता, तिथं दारात कोणीही येऊन उभं राहायचं. त्या मुलुखात दोन मोठ्या वस्त्या होत्या. एक कारखानेवाल्यांची, जुन्या गिरणीत भट्ट्या लावून बसलेली; तिच्यावर जमीरचा जीव जडला. दुसरी तांडेवाल्यांची, बैलगाड्यांवरून मीठ, धान्य आणि औषधं वाहणारी. ती पाहिल्याबरोबर भावसिंगनं मांडीवर थाप मारली. "हे तं आमच्या आज्यापंज्यायचंच काम. लमाण म्हंजे काय उगीच!" तिसरी जात होती गिधाडांची. तोंडावर फडकी बांधून हिंडणारे लुटारू. त्यांना दोघंही शिव्या घालायचे, एवढ्या एका गोष्टीवर त्यांचं एकमत होतं.

शेडचा मालक खेमसिंग दिग्रसला राहायचा. भाडेचिठ्ठीवर दोघांची नावं होती आणि फोनवर दोघांचं भांडण असायचं. एक बोलू लागला की मागून दुसऱ्याचा आवाज. पौषात गव्हाला पाणी द्यायचे दिवस आले, रात्रीच्या कमी दाबाच्या विजेनं मोटरी धडाधड जळू लागल्या, आणि नेमका तेव्हा खेमसिंग कंटाळला. त्यानं फोन या दोघांना केलाच नाही. समोर तानाबाईला केला.

"संक्रांतीपर्यंत मले एकच नाव पाह्यजे," तो म्हणाला. "नाई तं पत्रे काढून नेतो. नाव तूच सांग तानाबाई, त्या दोघायचा आवाजबी मले आयकू देऊ नको."

तानाबाईनं निरोप रस्ता ओलांडून आणला आणि शेडच्या दारात उभं राहून असा मोठ्यानं सांगितला की बसस्टँडवरचे कंडक्टर घंटी वाजवायचं विसरले.

जमीरनं मनाशी हिशेब केला. ही जागा गेली तर मोटरी भरायला दुसरी जागा नाही. घरी तार गुंडाळायला कोपरा नाही, वार्निश वाळवायची भट्टी तर सोडाच. पण तोंडानं तो म्हणाला, "तं मंग सांगून दे माहं नाव."

"तुहं कायले?" भावसिंग उठला. "तुहं कच्चं वार्निश पाहून खेमसिंग आपले पत्रे वाळवून घेईन का?"

"तुह्या बेअरिंगपेक्षा तं तानाबाईच्या कपबशा कमी खडखडतात."

"चिठ्ठ्या टाका," बाकावर बसलेला एक शेतकरी म्हणाला. दोघांनी त्याच्याकडं असं पाहिलं की तो मोटर तिथंच टाकून लघवीच्या निमित्तानं उठून गेला.

मग जमीरच्या नजरेस रेघेवरचा कम्प्युटर पडला. त्याच्या मनात एक गोष्ट होती, जी त्यानं बायकोलाही सांगितली नव्हती. गेले कित्येक दिवस तो सकाळच्या पाळीत मुसाफिराला तांडेवाल्यांच्या तळावर न्यायचा आणि गोडं पाणी म्हणून त्यांना खारं पाणी विकायचा. तांड्याचे बैल माना टाकू लागले होते. ज्या दिवशी पहिला बैल पडला त्या दिवशी जमीर घरी दोन भाकरी जास्त जेवला होता. भावसिंगचा तांडा आतून पोखरला गेलाय, आणि हे कोण करतंय याचा त्या बिचाऱ्याला पत्ताही नाही, या विचारानं त्याला रात्री झोपेत हसू यायचं.

"खेळाच्या शेवटावर ठरवू," तो म्हणाला. "शेवटी ज्याची वस्ती जगन त्याचं शेड. ज्याची मरन त्यानं सामान उचलायचं."

त्याला वाटलं भावसिंग कुरकुर करील. पण भावसिंगचे डोळे एकदम चमकले. "मंजूर. तानाबाई, तू साक्षी."

"ज्याची मरन त्यानं उचलायचं," तानाबाईनं ते शब्द एकदा तोंडात घोळवून पाहिले, चहाची साखर पाहावी तसे. "मी साक्षी. फिरसान नाई ना मंग?"

"फिरलो तं बापाचं नाव लावनार नाई," दोघंही एकदमच म्हणाले, आणि एकदम बोललो म्हणून एकमेकांवर चिडले.

संक्रांतीच्या सुट्टीत उमेरा घरी आली तेव्हा तिला शेडवर पंच म्हणून बसवलं. तिनं खुर्ची ओढली आणि दोघांना समोर उभं करून समजावलं.

"आयका. शेवटची कामगिरी म्हंजे धरन. पूर्ण मुलखात पानी फक्त तठी हाय. धरनाचा दरवाजा एकदा वलांडला का मागून बंद होते, मंग मुसाफिराले बाहीर येता येत नाई. आत तीन चाकं हायत. लाल चाक फिरवलं तं पानी कारखान्याकडं जाते, पिवळं फिरवलं तं तांड्याच्या रस्त्यानं. दोन्ही एकासंग फिरत नाईत."

"अन् तिसरं?" भावसिंगनं विचारलं.

"ते गंजलेलं हाय. मी कोनाले फिरवताना पाह्यलं नाई."

"मंग काय, लाल फिरवलं का झालं!" जमीर म्हणाला.

"नाई ना, अब्बू! सगळे लोक अठीच फसतात." उमेरानं कपाळावर हात मारला. "शेवट शेवटी नाई ठरत. चाक एकट्याच्यानं हालतच नाई. चाकापुढं उभं राहून भोंगा वाजवायचा, मंग ज्याच्याशी तुमी चांगले वागले ते हात लावाले येतात. ज्याले दुखवलं तो येत नाई. अन् मंग चित्रं येतात, एकेक वस्तीचं पुढं काय झालं ते सांगतात. तठी कोनतंच बटन चालत नाई. फक्त पाहत राह्यचं." तिनं दोघांकडं आळीपाळीनं पाहिलं. "काका, अब्बू, खरं सांगा. कोनाचं नुकसान तं नाई ना केलं मंधात?"

"छे!" जमीर म्हणाला.

"राम राम राम!" भावसिंग म्हणाला.

जमीरला हसू आवरलं नाही. तांडेवाले येणार नाहीत, कारखानेवाले येणार, लाल चाक फिरणार. गणित सरळ होतं. कारखान्यातली माणसं हल्ली मुसाफिराला पाहून तोंड फिरवायची खरी, पण जमीरनं ते थंडीच्या खात्यात टाकलं होतं.

आता प्रश्न आला खेळायचं कोणी. सकाळ म्हटली तर जमीरची, दुपार म्हटली तर भावसिंगची. त्यावर अर्धा तास तोंडं वाजली. शेवटी उमेरानं माउस जमीरच्या हातात दिला आणि कीबोर्ड भावसिंगच्या पुढ्यात सरकवला. म्हणजे मुसाफिर बघणार जमीरच्या डोळ्यांनी आणि चालणार भावसिंगच्या पायांनी.

त्या मुसाफिराचे जे हाल झाले ते अणुबॉम्बनंही केले नव्हते. जमीर त्याची मान धरणाकडं वळवायचा, तेवढ्यात भावसिंग त्याला मागं चालवायचा. बिचारा पाठमोरा चालत खड्ड्यात पडला, वर आला, भिंतीला धडका देत राहिला. एकदा तर तो गोल फिरता फिरता एवढा जोरात फिरला की कम्प्युटरच्या पंख्यानं शेडमधला पाला उडाला आणि दारातल्या शेतकऱ्याची टोपी रोडवर गेली.

"सरळ चालव बे! तुह्या पंपासारखा झटके कायले देऊन राह्यला?"

"तू सरळ पाह्यशीन तवा ना! डोये हायत का बटनं?"

"काका, मधलं मोठं बटन दाबू नका, त्यानं उडी मारते," उमेरा म्हणाली.

"मले मालूम हाय," भावसिंग म्हणाला आणि मुसाफिरानं उगीचच तीन उड्या मारल्या.

तानाबाई किटली घेऊन मधोमध उभी होती, एक पाय रेघेच्या या बाजूला, एक त्या. तिनं चहा कोणालाच दिला नाही.

कसाबसा मुसाफिर धरणाच्या दारात पोचला. लोखंडी दरवाजा ओलांडला आणि मागं तो धाडकन बंद झाला. शेडमधल्या सगळ्या मोटरींना तो आवाज ऐकू गेला असावा, कारण क्षणभर सगळं गप्प झालं. उमेरानं खूण केली. भोंगा वाजला.

राखेतून आधी तांडेवाल्यांचा म्हातारा नाईक आला. एकटाच. त्याच्या हातात बैलाची रिकामी घुंगरमाळ होती. तो म्हणाला, तू आम्हाला खारं पाणी पाजलंस. आमचे बैल रस्त्यात मेले. तुझ्या चाकाला तांड्याचा हात लागणार नाही. आणि घुंगरमाळ मुसाफिराच्या पायाशी टाकून निघून गेला.

भावसिंगनं हळूच मान वळवली. "हे कोनं केलं?"

जमीर माठाकडं पाहू लागला.

"मी इचारून राह्यलो तुले. माहे बैल कोनं मारले?"

"तुहे कुठले बैल? कम्प्युटरातले हायत ते."

"मी एकेकाचं नाव ठेवलं होतं त्यायचं!" भावसिंगचा आवाज फाटला. "जनावराले खारं पानी? अबे, माणसाले पाजलं असतं तं मी काई म्हटलं नसतं!"

तो उठून जमीरच्या अंगावर जाणार, एवढ्यात पडद्यावर दुसरं कोणी आलं. कारखान्याची मुकादम होती, दंडाला काजळी लागलेली जाडजूड बाई. जमीर खुशीत खुर्चीच्या कडेला सरकला. मुकादम म्हणाली, आमच्या भट्ट्यांचे भाते कोणी कापले ते आम्ही शोधत होतो. यंत्रांचे पट्टे कोणी चोरले ते शोधत होतो. मग पहारेकऱ्यानं तुझा चेहरा पाहिला. कारखान्याचं दार तुला बंद आहे.

जमीरनं माउस सोडला. थंडीच्या खात्यात टाकलेली सगळी तोंडं त्याला आठवली. रोज सकाळी तो ज्या भट्ट्यांना कोळसा आणून द्यायचा, त्याच भट्ट्या रोज दुपारी हा माणूस फोडत होता. आणि खेळाला काय, त्याला दोन माणसं दिसतच नव्हती. त्याच्या लेखी तोंड एकच.

"भाते कापले?" त्यानं विचारलं.

"तूच म्हटलं ना आता, कम्प्युटरातले हायत," भावसिंग म्हणाला.

"भाते कापनारा मिस्त्री मी जिंदगीत पाह्यला नाई. चोर पाह्यले, दारूडे पाह्यले. भाते कापनारा नाई!"

"अन् बैल मारनारा मी नाई पाह्यला! कसाईबी आधी पानी पाजते!"

जमीरनं पाना उचलला. भावसिंगनं कीबोर्ड उचलला, वायरीसकट. शेतकरी बाकाखाली शिरले. उमेरा दोघांच्या मध्ये उभी राहून ओरडली, "अब्बू! काका! पाहा, अजून कोनीतरी येऊन राह्यलं!"

आणि खरंच राखेतून माणसं येत होती. एक नाही, दहा नाही, थवाच. तोंडावर फडकी बांधलेली गिधाडं. जमीरनं पाना खाली ठेवला, कारण मुसाफिर आता मरणार हे उघड होतं आणि मरणाऱ्यासमोर हत्यार उगारायचं नसतं. पण गिधाडांनी हत्यारं उपसली नाहीत. त्यांच्या म्होरक्यानं तोंडावरचं फडकं काढलं. तो म्हणाला, या मुलुखात ज्यानं त्यानं आम्हाला आधी नाव विचारलं आणि मग गोळी घातली. तुझ्या तळाच्या दारात आमचा जो जो आला त्याला तू आधी पाणी दिलंस. सकाळीही आणि दुपारीही. आज भोंग्याला आम्ही आलो.

"त्यायले पानी कोनं देल्लं?" उमेरानं विचारलं.

मग जमीर पुटपुटला, "दारात आलेल्याले पानी नाई द्याचं म्हंजे काय? तठी बटन येते, नाव विचारा, पानी द्या, हाकलून द्या. पयले पानीच देनार ना."

"मीबी तेच दाबलं," भावसिंग खाली पाहत म्हणाला. "फडकं तं उन्हासाठी बांधलं असंन म्हटलं."

गिधाडांनी तिसऱ्या चाकाला हात घातला. गंज झडला. चाक फिरलं. पाणी डोंगरामागं, गिधाडांच्या ओसाड खोऱ्यात धो धो उतरलं, आणि मग चित्रं सुरू झाली. जमीरनं माउसची सगळी बटनं दाबून पाहिली. एकही चाललं नाही.

पहिल्या चित्रात कारखाना होता. भट्ट्या विझल्या होत्या, धुराड्यांत घुबडं होती. दुसऱ्या चित्रात तांड्याच्या गाड्या जू खाली टेकवून वाळूत रुतल्या होत्या. तिसऱ्यात गिधाडांनी धरणावर बाजा टाकल्या होत्या, त्यांची पोरं पाण्यात डुंबत होती. आणि शेवटी मुसाफिर. तो धरणाच्या दाराबाहेर बसलाय, येईल त्याला पाणी देतोय. खालची ओळ म्हणत होती की आत त्याला कोणी बोलावत नाही.

पडदा काळा झाला. नोंद पुसली गेली.

मग तानाबाईनं किटली खाली ठेवली.

"उमेरा, मले समजावून सांग बाई. कारखाना मेला?"

"मेला."

"तांडा?"

"तोबी."

"म्हंजे ज्याची मरन त्यानं सामान उचलायचं, हे दोघायलेबी लागू झालं."

"तसं नाई तानाबाई," जमीर घाईनं म्हणाला. "बराबरी झाली. पुन्हा खेळू."

"हाव, पुन्हा खेळू," भावसिंगही म्हणाला. कित्येक वर्षांत पहिल्यांदाच त्यानं जमीरच्या बोलण्याला हो म्हटलं होतं.

"बापाचं नाव कोन लावनार नव्हतं?" तानाबाईनं विचारलं, आणि पदरात गुंडाळलेला मोबाइल बाहेर काढला. "हॅलो, खेमसिंगभाऊ का? नाव ठरलं. नाई, मिस्त्री नाई. नाई, तोबी नाई. लिवा, तानाबाई." ती पलीकडचं ऐकत राहिली. "हाव, माहंच. भांडन नाई होनार. भांडाले दुसरा पाह्यजे ना."

"ओ बाई!" जमीर उभा राहिला. "आमी तुले रोज माठातून पानी नेऊ देल्लं!"

"देल्लं ना. म्हणून तं आली," तानाबाई म्हणाली. "मी रोडच्या धुळीत चहा इकला अन् तुमी सावलीत बसून रेघा मारल्या. उचला आता."

संध्याकाळपर्यंत तिनं ओल्या फडक्यानं खडूची रेघ पुसून टाकली. इतकी वर्षं जपलेली रेघ दोन हातांत गेली. कम्प्युटर तिनं दोघांनाही नेऊ दिला नाही, कारण कोणाचा अर्धा कोणता ते दोघांना सांगता येईना. त्याच्यावर बिस्किटांच्या बरण्या आल्या. खुर्चीवर मात्र गिऱ्हाईक बसू लागलं. दिग्रसचा खेमसिंग म्हणे स्वतः येऊन चहा पिऊन गेला, आणि शेडमध्ये एवढी शांतता पाहून घाबरून लवकर परतला.

जमीरनं लिंबाच्या एका बाजूला ताडपत्री बांधली. वार्निश आता उन्हात वाळायचं. दुसऱ्या बाजूला भावसिंगनं पोत्यावर पाने मांडले. मध्ये खोड होतं आणि खोडाशी माठ. उमेरा यवतमाळला परत जाताना म्हणाली, "अब्बू, दोघं मिळून दुसरी जागा पाहाना." जमीरनं तिला बसमध्ये बसवलं आणि बस हलल्यावर मग उत्तर दिलं, म्हणजे तिला ऐकू जाऊ नये. "भाते कापनाऱ्यासंग?"

दुसऱ्याच दिवशी डोमाजी आला. नवी घेतलेली मोटर त्यानं गाडीवर बांधून आणली होती, जळून काळी झालेली. तो उतरण्याआधीच माठाजवळ दोन हात एकदम गेले. एका हातात जमीरचा गिलास, दुसऱ्या हातात भावसिंगचा लोटा. डोमाजी कोणाचंच मन मोडायला नको म्हणून दोन्ही प्यायला, मग मोटर खोडाजवळ टेकवून चहाला शेडमध्ये गेला.

जमीरनं वाकून वास घेतला. भावसिंगनं शाफ्ट हातानं फिरवून पाहिला.

"बेअरिंग जाम हाय," जमीर म्हणाला.

"वार्निश कच्चं," भावसिंग म्हणाला.

आणि मोटर दोघांच्या मध्ये जशी होती तशीच पडून राहिली, तेवढ्यात आतून तानाबाईचा आवाज आला, "अहो दारातल्यांनो, चहाले पानी संपलं. माठ भरा आधी!"

दोघंही जागचे हलले नाहीत. मग जमीरनं घागर उचलली, कारण सकाळ होती, आणि सकाळची पाळी त्याची होती.